रीलमुळे गर्दी वाढली म्हणता, पण मोजलं कसं? कास, सडावाघापूर आणि दोन शोधनिबंध

पावसाळा सुरू झाला की आपल्याकडे एक वाक्य ठरलेलं असतं: "इन्स्टाग्राममुळे सगळीकडे गर्दी झाली." कासला जाऊन आलेला म्हणतो, सडावाघापूरचा उलटा धबधबा बघून कराडला परतलेला म्हणतो, वर्तमानपत्रात छापून येतं, आणि आता सिनॉप्सिसमध्येही यायला लागलंय. "समाजमाध्यमांचा निसर्ग पर्यटनावरील प्रभाव: सातारा जिल्ह्याचा अभ्यास" या धर्तीचा विषय तुमच्यापैकी कुणीतरी लिहून ठेवलाच असेल. विषय चांगला आहे. अडचण आहे ती 'प्रभाव' या एका शब्दात. तो शब्द लिहिला की तुम्ही कार्यकारणभावाचा दावा करता, आणि मग मुलाखतीत समोरचे प्राध्यापक विचारणारच: रील नसती तर हे लोक आले नसते, हे तुम्हाला कसं कळलं?

या विषयावरच्या सिनॉप्सिसमध्ये हमखास उद्धृत होऊ शकतील असे दोन शोधनिबंध आज बघू. त्यात काय सिद्ध झालंय, काय नाही, आणि ते उचलून साताऱ्यात आणले तर नेमकं कुठे तुटतं, हे तपासू.

पहिला निबंध: मोजमाप चांगलं, पण प्रश्न वेगळा

स्पेन्सर वूड आणि सहकाऱ्यांचा निबंध २०१३ साली 'सायंटिफिक रिपोर्ट्स'मध्ये आला. जगभरातली ८३६ पर्यटनस्थळं त्यांनी घेतली. फ्लिकर या संकेतस्थळावर लोकांनी टाकलेले, ठिकाणाची नोंद असलेले फोटो मोजले आणि ते आकडे प्रत्यक्ष पर्यटकसंख्येशी ताडून बघितले. मोजायचं एकक त्यांनी हुशारीने निवडलं. एका माणसाने एका दिवशी एका ठिकाणचा एक फोटो टाकला काय किंवा पन्नास टाकले काय, धरायचा एकच. त्यामुळे एखादा हौशी फोटोग्राफर सगळा हिशेब बिघडवत नाही. निष्कर्ष असा, की फोटोंवरून काढलेला अंदाज आणि प्रत्यक्ष संख्या यांच्यात चांगला सहसंबंध आहे. म्हणजे जिथे गेटवर मोजणारा माणूस नाही, तिथे फोटो मोजून अंदाज बांधता येईल.

हे काम मोलाचं आहे, पण त्यातला बाण कुठल्या दिशेने आहे ते बघा. लोक आले, म्हणून फोटो पडले. आपल्याला हवा असलेला दावा बरोबर उलटा आहे: फोटो पडले, म्हणून लोक आले. वूड यांचा निबंध समाजमाध्यमाला थर्मामीटरसारखा वापरतो. ताप किती आहे हे थर्मामीटर सांगतो, पण ताप थर्मामीटरने आणला असं आपण म्हणत नाही. "समाजमाध्यमांमुळे पर्यटन वाढते (वूड व इतर, २०१३)" असं वाक्य लिहिलंत, तर तो संदर्भ तुमच्या बाजूने उभा राहणार नाही. वाचणाऱ्याने मूळ निबंध वाचला असेल तर तिथेच पकडले जाल.

याच वाटेने पुढे गेलेला २०१७ चा तेन्कानेन आणि सहकाऱ्यांचा अभ्यासही बघा. फिनलंड आणि दक्षिण आफ्रिकेतल्या ५६ राष्ट्रीय उद्यानांसाठी त्यांनी इन्स्टाग्राम, ट्विटर आणि फ्लिकर यांची तुलना केली. इन्स्टाग्रामचे आकडे अधिकृत नोंदींच्या सगळ्यात जवळ गेले. पण मोठी गोम अशी, की ही पद्धत लोकप्रिय उद्यानांत बरी चालते आणि कमी वर्दळीच्या ठिकाणी ढेपाळते. आपल्याला तर नेमकी तिथेच तिची गरज आहे, कारण गर्दीच्या ठिकाणी निदान तिकिटाची पावती तरी असते.

दुसरा निबंध: योग्य प्रश्न, जपून वाचायचं उत्तर

कार्यकारणभावाचा प्रश्न थेट अंगावर घेणारा निबंध अलीकडचा आहे. जॉर्जिया इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीतले अर्थशास्त्रज्ञ केसी विचमन यांनी २०२४ साली तो 'प्रोसिडिंग्ज ऑफ द नॅशनल अकॅडमी ऑफ सायन्सेस'मध्ये प्रसिद्ध केला. अमेरिकेतल्या राष्ट्रीय उद्यानांपैकी समाजमाध्यमांवर जास्त झळकलेली आणि कमी झळकलेली अशी तुलना त्यांनी केली. जास्त झळकलेल्या उद्यानांतल्या भेटी, कमी झळकलेल्यांच्या तुलनेत, १६ ते २२ टक्क्यांनी वाढल्याचं त्यांना आढळलं.

ही तुलना का लागते? समजा, एकाच उद्यानाचा आधीचा आणि नंतरचा आकडा घेतला. २०१६ हे अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यान सेवेचं शताब्दी वर्ष होतं. त्या वर्षी सगळ्या स्थळांना मिळून सुमारे ३३ कोटी भेटींची नोंद झाली, जी तोवरची सगळ्यात मोठी होती. शताब्दीची जाहिरात जोरात होती आणि इन्स्टाग्रामही त्याच काळात वाढत होतं. मग वाढ कुणाच्या खात्यात टाकायची? शताब्दी सगळ्याच उद्यानांना सारखी होती, प्रसिद्धी मात्र कमी-जास्त मिळाली. त्या फरकातून प्रसिद्धीचा वाटा वेगळा काढायचा, हा तर्क चोख आहे.

आता हा आकडा कसा वाचायचा नाही, ते सांगते. "समाजमाध्यमांमुळे पर्यटन २२ टक्के वाढलं" असं तो म्हणत नाही. 'कमी झळकलेल्यांच्या तुलनेत' हे शब्द गाळले की अर्थच बदलतो. हिशेब करून बघा. समजा, एका रविवारी साताऱ्यातून कास आणि ठोसेघर या दोन ठिकाणी मिळून २०० गाड्या जातात, प्रत्येकी १००. कासची एक रील गाजली आणि १० गाड्या ठोसेघरऐवजी कासकडे वळल्या. कास ११०, ठोसेघर ९०. दोघांतला फरक २० चा दिसतो, पण तालुक्यात एकही नवी गाडी आलेली नाही. तुलनेसाठी घेतलेलं ठिकाणच जर घटत असेल, तर फरक दुपटीने फुगतो. अमेरिकेत उद्यानं एकमेकांपासून शेकडो किलोमीटर लांब आहेत, तिथे ही अडचण तुलनेने कमी. आपल्याकडे साताऱ्यातून एका बाजूला कास आणि दुसऱ्या बाजूला ठोसेघर, दोन्ही अर्ध्या दिवसाचे. इथे हीच अडचण मुख्य होऊन बसते.

म्हणून माझं मत असं: विचमन यांचा निबंध त्याच्या जागी भक्कम आहे, पण त्यातला आकडा उचलून आपल्या प्रस्तावनेत ठेवणं चुकीचं आहे. पद्धत मात्र जरूर घ्या. आता ती इथे किती चालते ते बघू.

कास: जिथे आकडा आहे, पण अडवलेला

कास पठार साधारण १२०० मीटर उंचीवर आहे. जांभ्या खडकाचा सडा, त्यावर मातीचा पातळसा थर, आणि पावसाळ्याच्या शेवटी त्यातून उगवणारी सीतेची आसवं, तेरडा, सोनकी, कवला. सपुष्प वनस्पतींच्या ८५० च्या आसपास जाती इथे नोंदल्या गेल्यात. साताऱ्याचं नाव वैज्ञानिक नावात मिरवणारा वायतुराही याच भागातला. २०१२ साली युनेस्कोने पश्चिम घाटातली ३९ ठिकाणं जागतिक वारसा यादीत घेतली. त्यात महाराष्ट्रातली चार: कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी.

इथे तिकीट आहे, ऑनलाइन नोंदणी आहे, म्हणजे आश्रयी चल तयार मिळाला असं वाटतं. पण कासला दिवसाला ३००० पर्यटकांची मर्यादा आहे. समजा, २०१८ च्या एका रविवारी ४००० लोकांना यायचं होतं आणि २०२३ च्या रविवारी ९००० लोकांना. (हे आकडे फक्त समजावण्यासाठी आहेत.) मर्यादा काटेकोर पाळली गेली तर दोन्ही रविवारी वहीत ३००० च दिसणार. दरम्यान रील दसपट झाल्या असतील. तुम्ही संगणकाला हा डेटा दिलात तर तो सांगेल, रीलचा परिणाम शून्य. खरं तर मागणी दुपटीहून जास्त झालीय, फक्त ती मोजपट्टीच्या टोकाला जाऊन अडकली. संख्याशास्त्रात याला सेन्सॉर्ड डेटा म्हणतात. सेन्सॉर बोर्डाशी त्याचा संबंध नाही. एका हद्दीपलीकडची किंमत आपल्याला दिसत नाही, एवढाच अर्थ.

मग काय करायचं? एकूण संख्येऐवजी रविवारची नोंदणी किती दिवस आधी भरते ते बघा. जागा संपायला पूर्वी चार दिवस लागत आणि आता चार तास लागत असतील, तर मागणी वाढली हे मर्यादेच्या आतूनही कळेल. आणि मधल्या वारांचे आकडे वेगळे घ्या. बुधवारी मर्यादा गाठली जात नसेल, तर तिथे खरी चढउतार दिसेल.

दुसरी अडचण पावसाची. फुलांचा बहर ऑगस्टअखेर ते ऑक्टोबरच्या सुरुवातीपर्यंत पुढेमागे सरकतो. बहर चांगला असेल त्या आठवड्यात फोटोही जास्त पडतात आणि माणसंही जास्त येतात. दोघांचं कारण एकच, बहर. टोपली कारवीसारखी झुडपं तर कित्येक वर्षांनी एकदाच सामूहिक फुलतात, आणि त्या वर्षी बातमी, फोटो, गर्दी सगळं एकदम वर जातं. अशा ठिकाणी सहसंबंध ०.८ आला तरी हुरळून जाऊ नका. आधी बहराचा चल हिशेबात घ्या.

सडावाघापूर: जिथे आकडाच नाही

पाटण तालुक्यातलं सडावाघापूर कराडकरांना नवं नाही. पावसाळ्यात कड्यावरून पडणारं पाणी दरीतून वर येणाऱ्या जोरदार वाऱ्याने पुन्हा वर फेकलं जातं, म्हणून 'उलटा धबधबा'. वाऱ्याचा जोर आणि पाण्याचं प्रमाण दोन्ही जुळलं तरच तो उलटा होतो. पाणी फार असेल तर सरळ खाली पडतं, वारा पडला तरी तेच.

समाजमाध्यमांच्या परिणामासाठी ही जागा कासपेक्षा जास्त बोलकी आहे, आणि त्यामागे साधं कारण आहे. कासचं फूल स्थिर फोटोत दिसतं. उलटा धबधबा स्थिर फोटोत नुसतं धुकं वाटतो, त्याची गंमत हलत्या चित्रातच कळते. त्यामुळे एक तपासता येण्यासारखं गृहीतक तयार होतं: छोट्या व्हिडिओंचा जमाना आल्यावर 'हलणाऱ्या' ठिकाणांची गर्दी 'स्थिर' ठिकाणांपेक्षा जास्त वाढली पाहिजे. वाढली नसेल, तर रीलचा दावा कमजोर पडतो. गृहीतक असं हवं, जे खोटं ठरू शकेल.

पण इथे तिसरा खेळाडू आहे: रस्ता. पाटण आणि साताऱ्याच्या पठारांवर, वनकुसवडे असो की चाळकेवाडी, पवनचक्क्या उभ्या राहिल्या. एवढे मोठे पाते आणि खांब वर न्यायचे तर रस्ता लागतोच. इन्स्टाग्राम येण्याआधी कित्येक वर्षं या पठारांवर गाड्या चढायला लागल्या होत्या. रील कितीही गाजली तरी चारचाकी जात नसती तर कुटुंबकबिल्यासह कोण गेलं असतं? म्हणजे परिणाम एकट्या रीलचा नाही आणि एकट्या रस्त्याचाही नाही, दोन्ही जमल्यावरचा आहे. याला परस्परक्रिया म्हणतात. तुमच्या प्रतिमानात तो पद नसेल, तर रस्त्याचं श्रेय रीलला जाईल.

स्वाश्रयी चल कुठून आणणार?

समजा गर्दी मोजली. समाजमाध्यम कसं मोजणार? इन्स्टाग्रामवर कासचं रोमन स्पेलिंग एकाच पद्धतीने लिहिलेलं नाही. कुणी एक 'ए' लावतं, कुणी दोन, कुणी पुढे 'पठार' जोडतं, कुणी नुसतं 'सातारा' टाकून मोकळं होतं. वर रेंज मिळाली नाही की फोटो खाली आल्यावर टाकला जातो, आणि ठिकाण पडतं साताऱ्याचं.

त्याहून मोठी गोष्ट व्हॉट्सॲप. आपल्याकडे सहल ठरते ती कॉलेजच्या किंवा भावकीच्या ग्रुपवर. कुणाचं तरी स्टेटस बघून "ए, हे कुठाय रे?" असं विचारलं जातं आणि रविवार ठरतो. हा सगळा व्यवहार बंद खोलीतला आहे, संशोधकाला दिसत नाही आणि दिसूही नये. तेव्हा इन्स्टाग्रामवरच्या पोस्टची संख्या म्हणजे समाजमाध्यमाचा एकूण प्रभाव नव्हे, त्याचा दिसणारा तुकडा. शिवाय तो तुकडाही आता सहज मिळत नाही. ट्विटरने संशोधकांचा मोफत डेटा २०२३ मध्ये बंद केला, मेटाने क्राउडटँगल हे साधन ऑगस्ट २०२४ मध्ये गुंडाळलं. जुन्या निबंधातली पद्धत वाचून "मी पण असंच करणार" लिहिण्याआधी डेटा मिळतो का, हे तपासा.

काहींना २०२० ची तारीख खुणावते. २९ जूनला टिकटॉकवर बंदी आली, जुलैमध्ये भारतात रील्स सुरू झाल्या. अशी अचानक आलेली, बाहेरून लादलेली घटना म्हणजे संशोधकाला सोन्याची खाणच वाटते. पण त्या पावसाळ्यात देश टाळेबंदीतून बाहेर पडत होता आणि फिरण्यावरच निर्बंध होते. एकाच वेळी दोन मोठे धक्के बसले की कोणत्या धक्क्याने काय हललं, ते सांगता येत नाही. तारीख कितीही नेमकी असो, इथे उपयोगाची नाही.

चुकीचं कारण धरलं तर काय बिघडतं?

एवढा कीस कशाला पाडायचा, असं वाटेल. पण कारण चुकलं की उपाय चुकतो, आणि त्याची किंमत दुसऱ्यांना मोजावी लागते.

३० जून २०२४ रोजी लोणावळ्यात भुशी धरणाजवळ एकाच कुटुंबातल्या पाच जणांचा वाहून जाऊन मृत्यू झाला. त्यानंतर पुणे जिल्ह्यात मनाई आदेश निघाले. त्यात खोल पाण्यात उतरण्याबरोबर धोकादायक जागी सेल्फी आणि रील काढण्यावरही बंदी होती. माणसं वाचावीत म्हणून प्रशासनाने तातडीने काही करणं समजू शकतं. पण त्या दिवशी जीव गेले ते पाण्याचा लोंढा अचानक वाढल्यामुळे. वर पाऊस वाढला की खाली इशारा मिळावा, उतरण्याच्या जागा ठरलेल्या असाव्यात, ही मोबाईलपेक्षा वेगळी कामं आहेत. सगळी चर्चा रीलवर गेली की त्या कामांबद्दल कुणी विचारत नाही.

कासचंच दुसरं उदाहरण घ्या. फुलं तुडवली जातात म्हणून पठाराला जाळीचं कुंपण घातलं गेलं. त्याने माणसं थोपली, पण गुरंही थोपली. पुढे फुलं कमी होण्याचा संबंध कुंपणाशी, चराई थांबण्याशी जोडला गेला, आणि ते कुंपण काढलं. यातलं काय कशामुळे झालं, हे ठरवायला कुंपणाच्या आतले आणि बाहेरचे चौकोन आखून वर्षानुवर्षं मोजणी लागते. या पठारावरच्या बहुतेक वनस्पती एका पावसाळ्यात उगवतात, फुलतात, बी टाकतात आणि संपतात. बी पडण्याआधी पाय पडला, तर पुढच्या वर्षीचं रोप गेलं. पाय किती, कुठे आणि कोणत्या आठवड्यात पडले, हा आकडा त्यामुळे महत्त्वाचा. ते पाय रील बघून आले की काकांचं ऐकून, हे फुलाच्या दृष्टीने सारखंच.

आणि पठाराभोवतीच्या गावांचाही विचार करा. कणीस, चहा, गाड्या लावायची जागा, मार्गदर्शकाचं काम यावर हंगामात काही घरांची कमाई होते. "गर्दी रीलमुळे, रील बंद करा" हा उपाय त्यांच्या पोटावर येतो. त्याला आधार हवा असेल तर तो निदान नीट मोजलेला असावा.

मग सिनॉप्सिसमध्ये काय लिहायचं?

प्रश्नावलीपासून सुरुवात करू, कारण बहुतेक जण तीच वापरणार. "या ठिकाणाची माहिती कशी मिळाली?" आणि खाली इन्स्टाग्राम, मित्र, वर्तमानपत्र, इतर. हा प्रश्न टाळा. कराडच्या माणसाला कास लहानपणापासून माहीत असतं, तरी तो समोर दिसलेल्या पहिल्या पर्यायावर खूण करतो. त्याऐवजी तीन प्रश्न विचारा. आज यायचं कधी ठरलं? ठरवताना सगळ्यात आधी कुणी विषय काढला, आणि त्याने काय दाखवलं? इथे आला नसता तर आज कुठे गेला असता? तिसरा प्रश्न सगळ्यात महत्त्वाचा. उत्तर 'ठोसेघरला' असेल तर गर्दी फक्त सरकलीय. 'घरीच बसलो असतो' असेल तर ती नवी आहे.

मोजणीसाठी महागडं साधन लागत नाही. पठारावर जायचा एकच मुख्य रस्ता असेल तर फाट्यावर बसून ठरावीक तासांना गाड्या मोजता येतात. दुचाकी, चारचाकी वेगळ्या, नंबरप्लेटवरचा फक्त जिल्हा नोंदवायचा, पूर्ण नंबर नाही. एमएच ५० म्हणजे कराड, एमएच ११ सातारा, एमएच १० सांगली, एमएच १२ पुणे. जवळची आणि लांबची गर्दी वेगळी झाली की अर्धा प्रश्न सुटतो. शेजारी त्या दिवसाचा पाऊस, वार, सुट्टी आणि बहराची स्थिती लिहा. एक हंगाम पुरणार नाही, निदान दोन हवेत.

आणि शीर्षक बदला. 'प्रभाव' काढून 'संबंध' लिहिलंत तर कुणी कमी लेखणार नाही. "सडावाघापूर येथील पावसाळी वाहनसंख्या आणि समाजमाध्यमांवरील नोंदी यांतील संबंध: दोन हंगामांचा अभ्यास." हे शीर्षक छोटं वाटेल, पण तीन वर्षांत पुरं होणारं आहे, आणि त्यातून निघालेला आकडा वनखात्याला आणि ग्रामपंचायतीला वापरता येईल. जून जवळ आलाय. फाट्यावरची पहिली मोजणी पाऊस जोर धरायच्या आधी झाली पाहिजे, नाहीतर वाढ कशाच्या तुलनेत झाली, ते सांगता येणार नाही.